कायद्याचे राज्य की राज्याचे कायदे?

८ जुलै २००५ रोजी ऑक्सफर्ड विद्यापीठाची सन्माननीय पदवी स्वीकारताना भारताचे तत्कालीन पंतप्रधान डॉ. मनमोहनसिंग यांनी ब्रिटिश राजवटीच्या हितकारक परिणामांचा गौरवपूर्वक उल्लेख केला. कायद्याचे राज्य, घटनात्मक शासन, मुक्त वृत्तपत्रे, व्यावसायिक प्रशासन या साऱ्या कल्पना भारताला त्या संपर्कातून लाभल्या, असा त्यांच्या प्रतिपादनाचा आशय होता. ब्रिटिशांनी केलेल्या आर्थिक शोषणाचा उल्लेखही त्याच भाषणात होता, हे प्रामाणिकपणे नमूद केले पाहिजे. परंतु प्रश्न एका भाषणाचा किंवा एका व्यक्तीचा नाही. इंग्रजांनी लुटले खरे, पण कायद्याचे राज्य तर दिले ना, हे वाक्य आपल्याकडील सुशिक्षित समाजाने इतक्या निमूटपणे स्वीकारले आहे की त्याची तपासणी करण्याची गरजही कुणाला वाटत नाही. शाळेच्या पाठ्यपुस्तकापासून वकिलांच्या परिसंवादांपर्यंत ते निर्वेधपणे वावरत असते.

ती तपासणी करायची तर कोणत्याही राष्ट्रवादी ग्रंथाचा आधार घेण्याची आवश्यकता नाही. साम्राज्याच्या कायद्याचे पुस्तक आणि साम्राज्याच्या धुरीणांची स्वतःची वक्तव्ये एवढा पुरावा पुरेसा आहे.

एक मुकुट, दोन राज्यघटना

'कायद्याचे राज्य' या कल्पनेला शास्त्रीय रूप देणारे ए. व्ही. डायसी हे त्याच ऑक्सफर्डचे प्राध्यापक. त्यांचा इंग्लंडच्या घटनेवरील प्रसिद्ध ग्रंथ १८८५ मध्ये प्रकाशित झाला. डायसी यांच्या मांडणीनुसार कायद्याच्या राज्याची पहिली कसोटी अशी की, सामान्य न्यायालयात रीतसर सिद्ध झालेल्या कायदेभंगाखेरीज कोणत्याही माणसाला शासन करता येत नाही. दुसरी कसोटी अशी की, लहानथोर सर्वांना एकच कायदा आणि एकच न्यायालय. इंग्लंडमध्ये १६७९ च्या हेबियस कॉर्पस कायद्याने बंदिवानाला न्यायाधीशासमोर उभे करण्याची हमी दृढ केली होती. इंग्रज माणसाला तिचा रास्त अभिमान होता.

आता त्याच वर्षी, त्याच मुकुटाच्या छत्राखाली भारतात काय चालू होते ते पाहावे. १८१८ चे बंगाल रेग्युलेशन तीन, १८१९ चे मद्रास रेग्युलेशन दोन आणि १८२७ चे मुंबई रेग्युलेशन पंचवीस हे तिन्ही कायदे पूर्णपणे अमलात होते. ज्यांच्याविरुद्ध न्यायालयीन कारवाई करण्यास पुरेसा आधार नाही, अशा व्यक्तींनाही राज्याच्या हितासाठी अटकेत ठेवता यावे, हा उद्देश १८१८ च्या रेग्युलेशनच्या प्रस्तावनेत उघडपणे लिहिलेला आहे. आरोपपत्र नाही, साक्षीपुरावा नाही, वकील नाही, शिक्षेची मुदत नाही. डायसी यांची पहिली कसोटी येथे निव्वळ मोडलेली नव्हती, ती मोडण्यासाठीच कायदा करण्यात आला होता.

हा अपघात किंवा एखाद्या उर्मट अधिकाऱ्याचा अतिरेक नव्हता. थॉमस मेकॉले यांनी जुलै १८३३ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटमध्ये स्पष्ट सांगितले होते की, भारताला स्वतंत्र शासन देता येणार नाही. त्याखालोखाल जे उत्तम ते, म्हणजे खंबीर आणि निःपक्षपाती एकाधिकारशाही, तेवढी देता येईल. पन्नास वर्षांनी, १८८३ मध्ये, सर जेम्स फिट्झजेम्स स्टीफन यांनी लंडनच्या 'टाइम्स'ला पत्र लिहून तीच भूमिका अधिक रोखठोकपणे मांडली. भारतातील शासन जनतेच्या संमतीवर उभे नसून ते जिंकून घेण्याच्या क्रियेवर उभे आहे, असे त्यांनी बजावले. हे स्टीफन कोण? १८७२ चा भारतीय पुरावा कायदा आणि राजद्रोहाचे १२४-अ हे कलम ज्यांच्या हातून आले, तेच हे व्हाइसरॉयच्या कौन्सिलचे माजी विधिसदस्य. ज्या हातांनी भारताचे कायदे लिहिले, त्याच हातांनी त्या कायद्यांचा पायाही सांगून ठेवला आहे. इंग्रजांनी जे स्वतःविषयी कधी लपवले नाही, ते आपण त्यांच्या वतीने लपवत आलो आहोत.

स्टीफन यांच्या पत्राचे निमित्तही बोलके आहे. लॉर्ड रिपन यांच्या काळात आलेल्या इल्बर्ट विधेयकाने, जिल्ह्याच्या ठिकाणच्या भारतीय न्यायाधिकाऱ्यांना युरोपीय आरोपींचे खटले चालवण्याचा अधिकार देऊ केला होता. एवढ्या माफक समतेने कलकत्त्यातील गोरा समाज खवळून उठला. निधी उभारले गेले, सभा झाल्या, व्हाइसरॉयवर बहिष्कार पडला. अखेर जानेवारी १८८४ मध्ये तडजोड होऊन युरोपीय आरोपीला, किमान निम्मे सदस्य युरोपीय वा अमेरिकन असलेल्या ज्यूरीची मागणी करण्याचा हक्क मिळाला. राणीच्या १८५८ च्या जाहीरनाम्यातील समतेच्या आश्वासनाचे हे पंचवीस वर्षांनंतरचे फलित! डायसी यांची दुसरी कसोटीही येथे संपली.

पुण्यातील नातू बंधू, पंजाबचे लालाजी

कागदावरील कायदा माणसांच्या आयुष्यात कसा उतरतो हे महाराष्ट्राने प्रत्यक्ष पाहिले आहे. प्लेगच्या काळातील जुलमाने संतप्त झालेल्या चापेकर बंधूंनी २२ जून १८९७ च्या रात्री रँडवर गोळी झाडली. पुढच्याच महिन्यात सरदार नातू बंधूंना १८२७ च्या रेग्युलेशनखाली पकडण्यात आले. त्यांच्यावर खटला भरण्यात आला नाही, कारण भरण्याजोगा पुरावाच नव्हता. पुरावा असता तर सत्तर वर्षांपूर्वीचे रेग्युलेशन बासनातून बाहेर काढावे लागले नसते. १८९९ मध्ये त्यांची सुटका झाली, तोवर आपला गुन्हा कोणता हे त्यांना कोणत्याही न्यायालयाने सांगितले नव्हते. निर्दोष सुटण्याचा मार्गही त्यांना नव्हता, कारण ते आरोपीच नव्हते.

हीच रीत सर्वत्र होती. १८७२ मध्ये पंजाबातील नामधारी पंथाचे गुरू रामसिंग यांना १८१८ च्या रेग्युलेशनखाली ब्रह्मदेशात धाडण्यात आले. त्यांच्या अनुयायांना तर मालेरकोटला येथे कसलाही खटला न चालवता तोफेच्या तोंडी देण्यात आले. १९०७ मध्ये लाला लजपतराय आणि सरदार अजितसिंग यांना त्याच रेग्युलेशनखाली मंडालेला नेण्यात आले. १९०८ च्या डिसेंबरात अश्विनीकुमार दत्त आणि कृष्णकुमार मित्र यांच्यासह बंगालच्या नऊ जणांवर तोच प्रसंग आला. कंपनी सरकारने १८१८ मध्ये घडवलेले हत्यार शंभर वर्षे धार न गमावता वापरले गेले.

न्यायालय होते, पण...

यावर नेहमीचे उत्तर असे की, निदान न्यायालये तरी होती. मराठेशाहीच्या उत्तरकाळातील अंदाधुंदीपेक्षा तो कारभार बरा नव्हता काय? या उत्तराची दखल घ्यायला हवी. उच्च न्यायालयांत काही न्यायाधीश खरोखरच सचोटीचे होते. १८९७ मध्ये लोकमान्यांना जामीन देणारे न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी त्यांपैकीच. १९१६ मध्ये लोकमान्यांवरील जामीनकीचा हुकूम मुंबई उच्च न्यायालयानेच रद्द केला. हे श्रेय त्या न्यायमूर्तींना दिलेच पाहिजे. परंतु व्यवस्थेची परीक्षा तिच्यातील सज्जनांवरून होत नाही. निकाल सत्तेला अडचणीचा ठरला की सत्ता काय करते, यावरून ती होते.

१८९७ च्या खटल्यात न्यायमूर्ती स्ट्रॅची यांनी १२४-अ मधील 'अप्रीती' या शब्दाचा अर्थ ज्यूरीला सांगितला तो असा: अप्रीती म्हणजे प्रीतीचा अभाव. म्हणजे प्रजेने सरकारवर प्रेम करणे हे कायदेशीर कर्तव्य ठरले! ज्यूरीतील सहा युरोपीयांनी लोकमान्यांना दोषी ठरवले, तीन भारतीयांनी निर्दोष ठरवले. दीड वर्षाची सक्तमजुरी झाली आणि पुढच्याच वर्षी कलमाची व्याप्ती वाढवण्यात आली. १९०८ मध्ये 'केसरी'तील मराठी लेखांवरून पुन्हा खटला झाला. युरोपीय आरोपीला आपल्या जातभाईंची निम्मी ज्यूरी मागण्याचा हक्क होता. लोकमान्यांच्या वाट्याला नऊपैकी सात युरोपीय आले. मराठी लेखांचा निवाडा भाषांतरावरून झाला. २२ जुलै १९०८ च्या रात्री सात विरुद्ध दोन मतांनी ते दोषी ठरले आणि त्यांना सहा वर्षे हद्दपारीची शिक्षा झाली. १८९७ मध्ये ज्यांनी लोकमान्यांची वकिली केली होती, तेच दिनशा दावर आता न्यायासनावर होते.

त्यांच्या आगेमागे बाबाराव सावरकरांना काही कविता प्रसिद्ध केल्याबद्दल १९०९ मध्ये जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली. आरोप काय, तर बादशहाविरुद्ध युद्ध पुकारले! स्वातंत्र्यवीर सावरकरांना १९१०-११ मध्ये पन्नास वर्षांची शिक्षा ठोठावणारे न्यायालय हे १९०८ च्या खास कायद्याखालचे विशेष न्यायमंडळ होते. त्याला ज्यूरी नव्हती, त्याच्यावर अपील नव्हते. मार्च १९१९ मध्ये रौलट कायदा संमत झाला तेव्हा मध्यवर्ती विधिमंडळातील निवडून आलेल्या सर्व भारतीय सदस्यांनी विरोध केला होता. तरीही सरकारी सदस्यांच्या बहुमताने तो झाला.

सर्वांत उघडे उदाहरण हुतात्मा भगतसिंग, राजगुरू आणि सुखदेव यांच्या खटल्याचे आहे. आरोपींच्या गैरहजेरीत खटला चालवता यावा म्हणून सप्टेंबर १९२९ मध्ये मध्यवर्ती विधिमंडळात विधेयक आणण्यात आले. तेथे त्याला कडाडून विरोध झाला. मग १ मे १९३० रोजी व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांनी वटहुकूम काढला. त्यानुसार तीन न्यायाधीशांचे खास न्यायमंडळ नेमण्यात आले, आरोपी गैरहजर असले तरी खटला चालवण्याची मुभा त्याला देण्यात आली आणि त्याच्या निकालावरील उच्च न्यायालयाचे अपील काढून घेण्यात आले. वटहुकमाचे आयुष्य सहा महिन्यांचे. ७ ऑक्टोबरला, म्हणजे मुदत संपण्याआधी तीन आठवडे, फाशीचा निकाल आला. लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलमध्ये दाद मागितली असता तिने फेब्रुवारी १९३१ मध्ये सांगितले की, आणीबाणी आहे की नाही हे ठरवण्याचा अधिकार एकट्या गव्हर्नर जनरलचा आहे. २३ मार्चला तिघे फासावर गेले. आरोपीला मारण्यासाठी आधी न्यायालय घडवायचे आणि नंतर त्याला कायदा म्हणायचे, ही कोणत्या देशाची घटनात्मक परंपरा?

१९३५ चा कायदा आला, संघ न्यायालय स्थापन झाले. एप्रिल १९४३ मध्ये केशव तळपदे यांच्या प्रकरणात सरन्यायाधीश सर मॉरिस ग्वायर यांच्या न्यायालयाने, ज्या नियमाखाली देशभरात स्थानबद्ध करण्यात आले होते तो नियमच अवैध ठरवला. सचोटीच्या न्यायाधीशाने कर्तव्य केले. सरकारने थोड्याच दिवसांत वटहुकूम काढून तो नियम पूर्वलक्षी प्रभावाने वैध केला. स्थानबद्ध होते तेथेच राहिले.

याला 'कायद्याचे राज्य' म्हणत नाहीत. हे राज्याचे कायदे होते. कायद्याच्या राज्यात सत्ताधारी कायद्याखाली असतो, येथे कायदा सत्ताधाऱ्याच्या हाताखाली होता.

वारसा कोणी सांभाळला?

परकीयांनी परकीयांसारखे वागावे यात नवल नाही. वेदना याची आहे की, हा वारसा स्वकीयांनी जपला. २६ जानेवारी १९५० रोजी प्रजासत्ताक जन्माला आले आणि महिना पुरा होण्याच्या आत, २५ फेब्रुवारीला, प्रतिबंधक स्थानबद्धता कायदा संमत झाला. विनाचौकशी अटकेला राज्यघटनेच्या २२ व्या अनुच्छेदात, मूलभूत हक्कांच्याच प्रकरणात, जागा मिळाली. फाळणीनंतरच्या रक्तबंबाळ परिस्थितीत कठोर उपायांची निकड होती, हे मान्य. पण ती निकड कायमची कशी झाली?

त्याच वर्षी दिल्लीच्या प्रशासनाने 'ऑर्गनायझर' साप्ताहिकाला मजकूर छापण्यापूर्वी तपासून घेण्याचा हुकूम बजावला. सर्वोच्च न्यायालयाने २६ मे १९५० रोजी ब्रिजभूषण खटल्यात तो हुकूम घटनाबाह्य ठरवला. एका राष्ट्रवादी साप्ताहिकाने अवघ्या भारतीय वृत्तपत्रसृष्टीसाठी जिंकलेला हा लढा होता. मुक्त वृत्तपत्रांची चर्चा करताना त्याची आठवण मात्र क्वचितच निघते. नेहरू सरकारने यावर काय केले? तळपदे निकालानंतर आयर्विनच्या वारसांनी जे केले तेच. पहिली सार्वत्रिक निवडणूक होण्यापूर्वीच, जून १९५१ मध्ये, पहिली घटनादुरुस्ती करून अभिव्यक्तिस्वातंत्र्यावरील निर्बंधांची कक्षा वाढवण्यात आली. डॉ. श्यामाप्रसाद मुखर्जी यांनी संसदेत तिला प्राणपणाने विरोध केला. दोनच वर्षांनी, मे १९५३ मध्ये, काश्मीरच्या सीमेवर त्यांना अटक झाली आणि २३ जूनला, कोणताही खटला न चालता, स्थानबद्धतेतच त्यांचा अंत झाला.

या वारशाचा कळस २५ जून १९७५ च्या रात्री चढला. अंतर्गत सुरक्षा कायदा, म्हणजे 'मिसा', आधीच तयार होता. त्यात दुरुस्ती करून अटकेची कारणे सांगण्याचे बंधनही काढून टाकण्यात आले. १८१८ च्या रेग्युलेशनचा आत्मा जणू दिल्लीत पुन्हा अवतरला. मिसा आणि भारत संरक्षण नियम मिळून एक लाखाहून अधिक माणसे तुरुंगात गेली. सरसंघचालक बाळासाहेब देवरस येरवड्यात, अटलजी आणि अडवाणी बंगळूरात. या अंकाच्या अनेक वाचकांच्या घरांत त्या मिसाबंदींच्या आठवणी आजही जाग्या असतील: कमावता माणूस आत, बाहेर नोकरी गेलेली, शेजारी बोलायला घाबरलेले, आणि तो का आत आहे हे सांगणारा एक कागदही नाही.

नऊ उच्च न्यायालयांनी बंद्यांच्या बाजूने कौल दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने २८ एप्रिल १९७६ रोजी चार विरुद्ध एक मतांनी तो फिरवला. आणीबाणीत हेबियस कॉर्पसही नाही, असा तो निकाल. बेकायदा गोळी घातली तरी दाद नाही काय, या प्रश्नावर सरकारी पक्षाने होकारार्थी उत्तर दिले होते. एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना ठाम राहिले आणि त्यांनी सरन्यायाधीशपद गमावले.

रामशास्त्र्यांचा वारसा

कायद्याखाली राज्यकर्ता ही कल्पना भारताला ऑक्सफर्डहून आणावी लागली, हे म्हणणे म्हणूनच हास्यास्पद आहे. धर्म हा राजाचाही राजा, हे उपनिषत्काळापासूनचे भारतीय सूत्र आहे. प्रत्येक भारतीय राजा त्या सूत्राला जागला असे नव्हे. ढळलेले राजे इथेही झाले. परंतु नारायणराव पेशव्यांच्या खुनानंतर, १७७३ मध्ये, सत्तेवर बसलेल्या राघोबादादांना देहान्ताखेरीज प्रायश्चित्त नाही असे सांगून पुणे सोडणारे रामशास्त्री प्रभुणे याच मातीत जन्मले. डायसींचा ग्रंथ त्यानंतर एकशेबारा वर्षांनी आला. न्यायमूर्ती खन्ना यांची वंशावळ शोधायची तर ती प्रिव्ही कौन्सिलपेक्षा रामशास्त्र्यांच्या अधिक जवळ आहे.

वसाहतीचे ओझे उतरवण्यास आरंभ झाला आहे. १ जुलै २०२४ पासून १८६० च्या दंडसंहितेची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली आहे. १२४-अ मधील 'सरकार'विषयीची अप्रीती गेली असून १५२ व्या कलमात देशाचे सार्वभौमत्व, एकता आणि अखंडता आली आहे. राजद्रोह आणि देशद्रोह यांतील हा फरक मूलगामी आहे. तो ठाण्यातील अंमलदारापर्यंत पोहोचला नाही, तर मात्र नवी पाटी आणि जुने दुकान अशी गत होईल. सरकारवरील टीका म्हणजे देशावरील आघात, असे मानणारा अधिकारी स्ट्रॅचीचाच शिष्य ठरेल, मग सरकार कोणाचेही असो.

आणखी एक ऋण शिल्लक आहे. आणीबाणीच्या अनुभवातून जनता सरकारने १९७८ मध्ये ४४ वी घटनादुरुस्ती केली. तिच्या तिसऱ्या कलमाने, सल्लागार मंडळाच्या मताविना स्थानबद्ध ठेवण्याची मुदत तीन महिन्यांवरून दोन महिन्यांवर आणली आणि ते मंडळ उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्तींच्या शिफारशीने नेमण्याची तरतूद केली. संसदेने हे कलम संमत केले, पण ते अमलात आणणारी अधिसूचना आजवर निघालेली नाही. १९८१ मध्ये ए. के. रॉय प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो प्रश्न सरकारच्या विवेकावर सोडला आणि त्यानंतर आलेल्या सर्व पक्षांच्या सरकारांनी तो तेथेच ठेवला. यातून कोणाचीही सुटका नाही. मिसाबंदींच्या त्यागाचे स्मरण करणाऱ्यांची तर मुळीच नाही.

दहशतवाद्यांशी लढणाऱ्या राष्ट्राला कठोर कायदे लागतात. पण कठोर कायदा आणि अनिर्बंध कायदा यांत भेद आहे. कठोर कायदा देशाच्या शत्रूला धाक घालतो, तर अनिर्बंध कायदा आज एकाच्या हातात असतो आणि उद्या दुसऱ्याच्या. १९७५ ने हे ज्यांना शिकवले, त्यांनी ते सत्तेवर असताना विसरता कामा नये. मिसाबंदींचा खरा सन्मान ताम्रपटाने किंवा मानधनाने पुरा होणार नाही. एका अधिसूचनेने मात्र तो होऊ शकेल. नातू बंधूंना अटकेचे कारण विचारण्याचा हक्क नव्हता. त्यांच्या देशाने स्वतंत्र झाल्यावर तरी तो हक्क पूर्णत्वास न्यावा, एवढीच मागणी आहे.